अ‍ॅलन प्रेस्कॉट : मोडलेल्या हाताने खेळलेला कप्तान



आजच्या पाठात एका इंग्लिश रग्बी लीग खेळाडूचं चरित्र देत आहे. नाव बहुतेकांच्या कानावरून गेलेलं नसेल. आपल्याकडे क्रिकेट, कबड्डी, खो-खो. रग्बी म्हटलं की अंडाकृती चेंडू आणि चिखलात लोळणारी माणसं, एवढंच डोळ्यांसमोर येतं. तरीही ही गोष्ट मला सांगायची आहे, कारण ती मी एकदा चुकीची सांगितली होती.

झालं असं. काही वर्षांपूर्वी तालुका पातळीवरच्या क्रीडास्पर्धांच्या आधी परिपाठात मी मुलांना या माणसाची गोष्ट सांगितली. हात मोडला तरी मैदान सोडलं नाही, शेवटपर्यंत लढला आणि सामना जिंकून दिला, अशी. पाच मिनिटांत संपवली, मुलांनी टाळ्या वाजवल्या, मलाही बरं वाटलं. दोन दिवसांनी आमच्या कबड्डी संघातला आठवीचा एक मुलगा पहिल्याच सामन्यात पडला. बोट सुजलं होतं. त्याने ते मुठीत लपवलं आणि पुढचे दोन्ही सामने तसाच खेळला. संध्याकाळी घरी गेल्यावर आईच्या लक्षात आलं. हाड मोडलेलं होतं आणि उशीर झाल्यामुळे ते जरा वाकडंच जुळलं. त्याची आई शाळेत आली. भांडली नाही. मुलाला ती गोष्ट कोणी सांगितली, एवढंच तिने विचारलं.

त्या दिवसापासून ही गोष्ट मी अर्धी सांगायची नाही असं ठरवलं. आज ती पूर्ण सांगते. थोडी लांब आहे, पण सवडीने वाचा. वर्गात सांगताना कुठे थांबायचं, हे तुमचं तुम्हालाच कळेल.

आधी थोडं खेळाविषयी

रग्बीचे मुख्य प्रकार दोन, रग्बी युनियन आणि रग्बी लीग. आधी खेळ एकच होता. मग तो फुटला कशावरून, तर रोजगारावरून! मुलांना हे सांगाच, त्यांना इतिहास आणि खेळ एकत्र भेटतात.

एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी इंग्लंडच्या उत्तरेला, म्हणजे लँकाशायर आणि यॉर्कशायर या भागांत, रग्बी खेळणारे बरेचसे लोक गिरणी कामगार आणि खाणकामगार होते. शनिवारी सामना असला की कामावर खाडा पडायचा आणि पगार कापला जायचा. बुडालेला रोज भरून द्या, अशी उत्तरेकडच्या क्लबांची मागणी होती. खेळाचा कारभार ज्यांच्या हातात होता त्यांना ती मान्य नव्हती. खेळ हा हौसेचा, त्यात पैसा कशाला, असं त्यांचं म्हणणं. पोट भरलेल्या माणसाला असं म्हणणं सोपं असतं, नाही का?

शेवटी 29 ऑगस्ट 1895 रोजी हडर्सफील्ड गावातल्या जॉर्ज हॉटेलात उत्तरेकडचे क्लब जमले आणि वेगळे झाले. त्यांची नवी संघटना म्हणजे नॉर्दर्न युनियन. हाच खेळ पुढे रग्बी लीग म्हणून ओळखला जाऊ लागला. 1906 पासून एका बाजूला 15 ऐवजी 13 खेळाडू झाले. सामना 80 मिनिटांचा. चेंडू हातात घेऊन पळायचं, समोरच्याने धरून पाडायचं. पाडलं की उठून चेंडू पायाने मागे सरकवायचा आणि खेळ पुन्हा सुरू. चेंडू घेऊन प्रतिस्पर्ध्याच्या रेषेपलीकडे टेकवला की 'ट्राय'. त्या काळी ट्रायला 3 गुण आणि लाथेने मारलेल्या गोलला 2 गुण मिळायचे.

एक नियम मात्र नीट लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे. त्या काळी बदली खेळाडू नव्हता. उतरलेल्या तेरांपैकी कोणी जखमी होऊन बाहेर गेला, तर उरलेल्या बारांनी खेळायचं. दुसरा गेला, तर अकरांनी. कबड्डीत बाद झालेला गडी परत उठवता येतो. इथे गेला तो गेला.

विडनेसचा मुलगा

अ‍ॅलन प्रेस्कॉटचा जन्म 17 जून 1927 रोजी विडनेस इथे झाला. हे गाव मर्सी नदीच्या काठी, तेव्हाच्या लँकाशायरमध्ये. रासायनिक कारखान्यांसाठी प्रसिद्ध. इतकं की तिथल्या रग्बी संघालाच लोक 'केमिक्स' म्हणतात. धुराडी, कारखान्यांचे भोंगे, कामगारांच्या एकाला एक चिकटलेल्या घरांच्या रांगा आणि शनिवारी दुपारचा सामना, हे अशा गावांचं जगणं. अ‍ॅलन बारा वर्षांचा असताना दुसरं महायुद्ध सुरू झालं. म्हणजे त्याची सगळी पोरवयाची वर्षं युद्धाच्या सावटाखाली गेली.

विडनेस हा 1895 साली वेगळ्या झालेल्या पहिल्या क्लबांपैकी एक. त्यामुळे तिथल्या मुलाने रग्बी लीग खेळणं म्हणजे आपल्या सांगली-कोल्हापूरकडच्या मुलाने तालमीत जाण्यासारखं. पण गंमत बघा, प्रेस्कॉट आपल्या गावच्या संघाकडून मोठा झाला नाही. विशीच्या आतच तो यॉर्कशायरमधल्या हॅलिफॅक्स क्लबकडे गेला. सुरुवातीला त्याला बाजूने पळणाऱ्यांमध्ये खेळवत. पाय चपळ होते. पुढे अंग भरलं, वजन वाढलं आणि तो पुढच्या फळीत आला. तिथे त्याची जागा ठरली : प्रॉप.

प्रॉप म्हणजे टेकू. नावातच काम आलं. स्क्रममध्ये दोन्ही संघांचे पुढचे गडी एकमेकांना खांदे भिडवून, हात गुंफून वाकतात आणि रेटतात. त्या रेट्याचा पहिला भार प्रॉपवर. मधल्या हुकरला दोन्ही बाजूंनी दोन प्रॉप उचलून धरतात. ट्राय दुसरेच करतात, टाळ्या दुसऱ्यांनाच मिळतात, आणि दिवसभर धडका घ्यायच्या त्या प्रॉपने. आपल्या दहीहंडीतला खालच्या थरातला गडी आठवा. त्याचा फोटो कुणी काढत नाही, पण तो हलला तर वरचे सगळे खाली. प्रेस्कॉटचं वेगळेपण असं की प्रॉप होऊनही त्याच्या पायातला जुना वेग गेला नव्हता. एवढा भारी गडी इतका जोरात पळतो, हे समोरच्यांच्या लवकर लक्षातच येत नसे.

सेंट हेलेन्सची वर्षं

1949 साली तो सेंट हेलेन्स क्लबमध्ये आला आणि मग खेळाडू म्हणून तिथेच राहिला. विडनेसपासून हे गाव अगदी जवळ. काच आणि कोळसा ही त्याची ओळख. काचेचे मोठे कारखाने तिथले, भोवती खाणी. तेव्हाचे रग्बी लीग खेळाडू बहुतेक नोकरी-धंदा सांभाळून खेळत. आठवडाभर काम, संध्याकाळी सराव, शनिवारी सामना. आज आपल्या मुलांना वाटतं खेळाडू म्हणजे मोटारी आणि जाहिराती. त्यांना हेही कळू द्या.

1952 साली जिम सुलिव्हन हा मोठा माणूस सेंट हेलेन्सचा प्रशिक्षक झाला. तो स्वतः वेल्सचा, विगनकडून अनेक वर्षं खेळलेला, गोल मारण्यात त्याच्या तोडीचे फार थोडे. त्याच्या हाताखाली संघ एकदम उभा राहिला. 1952-53 च्या हंगामात सेंट हेलेन्सने लीग अजिंक्यपद जिंकलं. अंतिम सामन्यात 24-14 ने हरवलं ते कोणाला? प्रेस्कॉटच्या जुन्या हॅलिफॅक्सला!

पण त्याच वर्षी एक सल राहिली. चॅलेंज कप ही रग्बी लीगमधली सगळ्यात मानाची बाद फेरीची स्पर्धा. तिचा अंतिम सामना लंडनच्या वेम्ब्ली मैदानावर. उत्तरेकडच्या गावांतून लोक गाड्या भरभरून जायचे, जसे आपण जत्रेला जातो. 1953 च्या त्या सामन्यात सेंट हेलेन्स हडर्सफील्डकडून 15-10 ने हरलं. इतक्या वर्षांत सेंट हेलेन्सने हा कप एकदाही जिंकला नव्हता. वेशीपर्यंत येऊन परत जायचं, हे त्या गावाला नवं नव्हतं.

तीन वर्षांनी पुन्हा संधी आली. 28 एप्रिल 1956. आता प्रेस्कॉट कप्तान होता आणि समोर पुन्हा हॅलिफॅक्स. सेंट हेलेन्स 13-2 ने जिंकलं. क्लबच्या इतिहासातला हा पहिला चॅलेंज कप. तीन ट्रायपैकी एक स्वतः प्रेस्कॉटने केला आणि सामन्यातल्या सर्वोत्तम खेळाडूला मिळणारा लान्स टॉड करंडकही त्यालाच मिळाला. टेकू लावणाऱ्या गड्याकडे त्या दिवशी सगळ्यांचं लक्ष गेलं, ही गोष्ट मला फार आवडते.

देशाचा कप्तान

1951 पासून तो ग्रेट ब्रिटनकडून खेळू लागला होता. एकूण 28 कसोटी सामने तो देशासाठी खेळला. 1950 च्या दशकाच्या मध्यापासून कप्तानपदही त्याच्याकडेच होतं.

क्रिकेटसारखीच रग्बी लीगमध्येही ब्रिटन आणि ऑस्ट्रेलिया यांच्यातल्या मालिकेला अ‍ॅशेस म्हणतात. 1956 च्या शेवटी ऑस्ट्रेलियाचा संघ इंग्लंडमध्ये आला. पहिली कसोटी ब्रिटनने जिंकली, दुसरी ऑस्ट्रेलियाने, आणि तिसरीत प्रेस्कॉटच्या संघाने 19-0 असा साफ विजय मिळवला. अ‍ॅशेस ब्रिटनकडे आल्या.

सगळं यशच होतं असं समजू नका. 1957 साली ऑस्ट्रेलियात विश्वचषक झाला. चारच संघ : ऑस्ट्रेलिया, ब्रिटन, फ्रान्स आणि न्यूझीलंड. कप्तान प्रेस्कॉटच. ब्रिटनने फ्रान्सला हरवलं, पण ऑस्ट्रेलियाकडून 31-6 असा सपाटून मार खाल्ला आणि न्यूझीलंडकडूनही हरले. चषक ऑस्ट्रेलियाने नेला. हे अपयश पाठीशी घेऊनच तो पुढच्या वर्षी परत ऑस्ट्रेलियाला निघाला. मुलांना चरित्र सांगताना आपण अशी पानं वगळतो. वगळू नका. पुढचा प्रसंग त्यामुळेच नीट कळतो.

1958 चा दौरा

1958 च्या दौऱ्यावर 26 खेळाडू गेले. व्यवस्थापक टॉम मिचेल, प्रशिक्षक जिम ब्रो, कप्तान अ‍ॅलन प्रेस्कॉट. वय 31 च्या आसपास, म्हणजे प्रॉपच्या मानाने उतरतीचा काळ. संघात त्याच्याच क्लबमधलेही काही जण होते. एक व्हिन्स कॅरालियस, भीती ठाऊक नसलेला फॉरवर्ड. दुसरा अ‍ॅलेक्स मर्फी, अवघा 19 वर्षांचा, तोंडाने आणि पायाने सारखाच चपळ.

14 जूनला सिडनीत पहिली कसोटी झाली. ब्रिटन 25-8 ने हरलं. दुसरी कसोटी 5 जुलैला ब्रिस्बेनमध्ये होती. ती हरली असती तर तीन सामन्यांची मालिका तिथेच संपली असती. अ‍ॅशेस गेल्या असत्या आणि वर्षभरापूर्वीची विश्वचषकातली नामुष्की दुप्पट झाली असती.

त्या दिवशी ब्रिस्बेनच्या एक्झिबिशन ग्राउंडवर तीस हजारांहून जास्त प्रेक्षक होते. सामना सुरू होऊन जेमतेम तीन-चार मिनिटं झाली आणि एका धडकेत प्रेस्कॉटचा उजवा हात मोडला. कोपराच्या खाली, मनगटाच्या वर. म्हणजे 80 मिनिटांच्या सामन्यात सुमारे 76 मिनिटं अजून बाकी!

आता तो नियम आठवा. बदली नाही. तो बाहेर गेला तर बारा उरणार. तो थांबला.

पुढे काय झालं ते ऐका. थोड्याच वेळात डेव्ह बोल्टनचं कॉलरबोन मोडलं. त्याला मैदान सोडावंच लागलं. म्हणजे आता बारा, आणि त्यातल्या कप्तानाचा एक हात निकामी. जिम चॅलिनरचा खांदा दुखावला. एरिक फ्रेझरच्या कोपराला मार बसला. कॅरालियसच्या पाठीच्या कण्याला दुखापत झाली. मोजा : पाच जण जखमी. तरीही मध्यंतराला ब्रिटन 10-2 ने पुढे होतं.

मध्यंतरात ड्रेसिंग रूममध्ये डॉक्टरांनी हात पाहिला. खेळू नये असंच त्यांचं मत पडलं, आणि डॉक्टरांनी दुसरं काय सांगायचं? पण निर्णय कप्तानावर आला. त्याने हिशेब केला असणार. बोल्टन गेलेला, बाकीचे तिघे कसेबसे उभे. आपण बसलो तर अकरा. आणि कप्तान बसला हे बघून त्या तिघांच्या मनात काय येईल? तो उठून परत मैदानात गेला.

दुसऱ्या अर्धात कॅरालियस, दुखऱ्या पाठीनेच, बोल्टनच्या जागी मागे खेळायला गेला. प्रेस्कॉट डाव्या हाताने माणसं अडवत होता, स्क्रममध्ये खांदा देत होता, आणि उजवा हात अंगालगत लोंबत होता. एका हाताने प्रॉपचं काम करायचं म्हणजे काय, हे वर्गात सांगायला एक सोपी युक्ती आहे. दोन मुलांना समोरासमोर खांदे भिडवायला लावा आणि एकाला हात पाठीमागे धरायला सांगा. हळूच, जोर न लावता. तोल कसा जातो ते त्यांना लगेच कळतं.

ऑस्ट्रेलियाने उरलेल्या वेळात जोर केला, गुण केले. पण ब्रिटनही थांबलं नाही. छोट्या मर्फीने मोक्याच्या वेळी ट्राय केला. शेवटी फलक होता 25-18. ब्रिटन जिंकलं होतं.

सामना संपल्यावर कित्येकांना दवाखान्यात न्यावं लागलं. हा सामना पुढे प्रेस्कॉटच्याच नावाने ओळखला जाऊ लागला. जुन्या लोकांना आणखी एक सामना आठवला. 4 जुलै 1914 रोजी सिडनीत हॅरल्ड वॅगस्टाफच्या ब्रिटिश संघाने, एकेक गडी जखमी होत गेल्यावर, शेवटचा अर्धा तास दहा जणांनिशी खेळून 14-6 असा विजय मिळवला होता. त्याला 44 वर्षं आणि एक दिवस झाला होता.

त्यानंतरचं

आम्ही शिक्षक बहुतेक इथेच गोष्ट संपवतो. मीही तेव्हा इथेच संपवली होती. पण प्रेस्कॉटचं आयुष्य इथे संपलं नाही, आणि खरा पाठ इथून पुढे आहे.

दोन आठवड्यांनी, 19 जुलैला, सिडनीत तिसरी कसोटी झाली. ब्रिटनने ती 40-17 अशी दणदणीत जिंकली. मिक सुलिव्हनने तीन ट्राय केले. अ‍ॅशेस राखल्या. पण त्या सामन्यात कप्तान फिल जॅक्सन होता. प्रेस्कॉट हात बांधून बाहेर. मालिका ज्याने वाचवली, तो मालिका जिंकताना मैदानात नव्हता.

आणि ब्रिस्बेनचा तो सामना त्याची शेवटची कसोटी ठरला. त्यानंतर देशाकडून तो परत कधी खेळला नाही. हात बरा झाल्यावर तो सेंट हेलेन्सकडून आणखी काही काळ खेळला. 1958-59 च्या हंगामात त्याच्या क्लबने हन्सलेटला 44-22 ने हरवून पुन्हा लीग अजिंक्यपद मिळवलं. 1960 च्या सुमाराला त्याने खेळणं थांबवलं आणि त्याच क्लबचा प्रशिक्षक झाला. 1961 साली सेंट हेलेन्सने वेम्ब्लीवर विगनला 12-6 ने हरवून दुसऱ्यांदा चॅलेंज कप जिंकला, तेव्हा प्रशिक्षक प्रेस्कॉट होता आणि कप्तान व्हिन्स कॅरालियस. ब्रिस्बेनला दुखऱ्या पाठीने त्याच्या शेजारी लढलेला तोच. पहिला कप प्रेस्कॉटने कप्तान म्हणून आणला, दुसरा प्रशिक्षक म्हणून. पुढे त्याने लीच्या संघालाही शिकवलं. 21 सप्टेंबर 1998 रोजी, वयाच्या 71 व्या वर्षी, तो वारला.

नियम बदलला, हे सांगायला विसरू नका

1964 पासून इंग्लंडच्या रग्बी लीगमध्ये जखमी खेळाडूच्या जागी बदली खेळाडू घ्यायची परवानगी मिळाली. आधी मर्यादित, मग वाढत गेली. आज तर बाकावर बदली खेळाडू बसलेलेच असतात आणि डोक्याला मार लागलेल्याला डॉक्टर तपासून बाहेर काढतात. कप्तानाने हो म्हणो की नाही म्हणो.

याचा अर्थ काय? अर्थ असा, की त्या खेळातल्या जाणत्या लोकांना कळलं की माणसावर अशी वेळ येऊच नये. प्रेस्कॉटने जे केलं त्याला मी आजही नमस्कार करते. पण त्याच्यासमोर जे पर्याय होते ते दोनच होते : मोडलेल्या हाताने खेळा, किंवा सोबत्यांना आणखी एक गडी कमी करून सोडा. आपल्या मुलांसमोर तिसरा पर्याय असतो. बाकावर मित्र बसलेला असतो, बाई असतात, सर असतात, घरी आई असते. दुखतंय असं सांगायला त्यांना जागा आहे. ती जागा आम्हीच कधी कधी आमच्या गोष्टींनी बंद करतो.

आणखी एक फरक. प्रेस्कॉट 31 वर्षांचा प्रौढ माणूस होता. हात मोडलाय हे त्याने लपवलं नव्हतं. डॉक्टरांना दाखवला, त्यांचं ऐकून घेतलं, परिणाम माहीत असून निर्णय घेतला आणि त्याची किंमतही स्वतःच मोजली. आमच्या त्या मुलाने बोट मुठीत लपवलं. कशाला? तर बाईंनी सांगितलेल्या गोष्टीतल्यासारखं व्हायचं म्हणून. धैर्य आणि लपवाछपवी यांत किती फरक आहे, हे त्याला कोणी सांगितलंच नव्हतं. सांगायचं काम माझं होतं.

तो मुलगा आता मोठा झालाय. अजून कबड्डी खेळतो. भेटला की ते वाकडं बोट दाखवतो आणि हसतो. मला मात्र तेवढं हसू येत नाही.

पालकांसाठी दोन शब्द

स्पर्धेच्या दिवशी घरी आल्यावर मुलाला पहिला प्रश्न कोणता विचारता? जिंकलास का, हाच ना? बहुतेक घरांत हाच असतो, माझ्याही घरी होता. त्याऐवजी लागलं का कुठे, हे आधी विचारून बघा. जिंकल्याचं तो आपणहून सांगतोच. लागल्याचं विचारल्याशिवाय सांगत नाही.

वर्गात चर्चेसाठी प्रश्न

1. 1895 साली रग्बी खेळाचे दोन भाग का झाले? कामगारांची मागणी तुम्हाला योग्य वाटते का?
2. प्रॉप या खेळाडूचं काम कोणतं? तुमच्या घरात, वर्गात असं काम कोण करतं?
3. प्रेस्कॉटने मैदान सोडलं असतं तर संघावर काय परिणाम झाला असता?
4. आज तोच सामना झाला असता तर त्याने काय करायला हवं होतं? तुमचं मत कारणांसह लिहा.
5. दुखापत सहन करणं आणि दुखापत लपवणं यांत फरक काय?

उपक्रम

मुलांचे दोन गट करा. एक गट प्रेस्कॉटच्या बाजूने बोलेल, दुसरा डॉक्टरांच्या बाजूने. शेवटी कोण जिंकलं हे जाहीर करू नका. मी केलं नाही, आणि मुलं घरी जाईपर्यंत वाद घालत होती. चौथ्या प्रश्नाची उत्तरं तर जरूर वाचा. एका मुलीने लिहिलं होतं की कप्तानाच्या शूरपणाइतकाच त्या काळचा नियमही लक्षात ठेवायला हवा, कारण शूरपणा कौतुकाचा असला तरी नियम चुकीचा होता. मला परिपाठात पाच मिनिटांत जे सुचलं नव्हतं, ते तिने दोन ओळींत लिहिलं.

पाठ आवडला तर तुमच्या शाळेत घेऊन बघा, आणि मुलांनी काय उत्तरं दिली ते जरूर कळवा.